ठकूआत्याची भुवई

आमच्या घरात सगळ्यात नावाजलेलं माणूस म्हणजे माझी ठकूआत्या, कारण तिची मूर्ती नांदेडच्या कॉलेजात होती. शिरूर अनंतपाळजवळच्या आमच्या खेड्यात मूर्ती कुणाची होते हे सगळ्यांना ठाऊक होतं: देवाची, नाहीतर मोठ्या माणसाची, आणि तीही तो मेल्यावर. ठकूआत्या धडधडीत जिवंत होती, रोज दुसऱ्याच्या रानात खुरपायला जात होती, आणि तरी तिची मूर्ती होती. माझी आई मी रांगत असतानाच गेली. आत्याच्या नवऱ्यानं दुसरी केली तेव्हा आत्या सासरचा उंबरा सोडून आमच्याकडे आली आणि मी आपसूक तिच्या पदरात पडले. दादा, म्हणजे माझे वडील, उदगीरच्या मोंढ्यात पोती उचलायचे आणि आठवड्यातून एकदा घरी यायचे. त्यामुळे घर म्हणजे मी, आत्या आणि तिचं उखळ.

त्या उखळाचा आवाज मला अजून ऐकू येतो. रानातून आली की हातपाय धुऊन आत्या कुटायला बसायची. गहू, हरभऱ्याची डाळ, धने खरपूस भाजलेले, वर लाल मिरची, आणि मुसळाच्या प्रत्येक घावाला तिच्या तोंडून निघणारा हुंकार. आमच्या सगळ्या वस्तीला आमटीचा हा मसाला, येसर, तिच्या हातचा लागायचा. गावातली मोठी घरं आमच्या हातचं खात नव्हती. आम्ही बुद्धाला शरण गेलो तरी त्यांच्या लेखी विटाळ तिथंच होता. येसराचा वास मात्र सरळ त्यांच्या ओसरीवर जाऊन बसायचा, त्याला कोण अडवणार? रात्रीच्या जेवणाला येसराची आमटी आणि ज्वारीची भाकरी, कधी अंबाडीची भाजी, वर कच्चं तेल. आणि जेवताना आत्याला हमखास मूर्तीची आठवण व्हायची.

"सायब आला, चार पोरं संगं घेऊन," ती सांगायची. "वस्तीतल्या समद्या बायांची तोंडं बघत हिंडला. माझ्यापशी थांबला आन म्हनला, हीच पायजे. म्या म्हनलं, कामून? तर म्हनला, बाई, तुमची मूर्ती करायची हाय, नांदेडच्या कॉलेजात ठिवायची. म्या म्हनलं, खाली नाव लिवताल का? हो हो, म्हनला, लिवू की."

मग तिला बाजेवर उताणं निजवलं, नाकात कागदाच्या नळ्या घातल्या आणि तोंडावर थंडगार चुन्यासारखं काहीतरी थापलं. ते हळूहळू तापत गेलं. तिला ओरडता येईना, कारण तोंडही लिंपलेलं. "जित्तेपनी मातीत घातल्यावानी झालं बग," ती म्हणायची. शेवटी साहेबानं तो घट्ट झालेला गोळा उपटला, आणि त्याच्याबरोबर आत्याची डावी भुवई निघून गेली. ती पुन्हा धड आलीच नाही. तुरळक चार केस यायचे, मध्येच टक्कल. वस्तीतली पोरं तिला मागून 'एकभिवई' म्हणायची. लग्नकार्याला जाताना ती काजळानं भुवई काढायची आणि घामानं ती गालावर उतरायची. पण तक्रार म्हणून नाही. "टाकीचे घाव सोसल्याबिगर देवपन येतं का?" असं म्हणून भाकरी मोडायची.

मी शाळेत जायला लागल्यावर तिनं माझ्याकडून एकच गोष्ट शिकून घेतली, स्वतःचं नाव. ठकूबाई. चुलीतल्या कोळशानं भिंतीवर गिरवून गिरवून तिनं ती अक्षरं पक्की केली. मी म्हटलं, बाकीची पण शिकवते. तर म्हणाली, "बाकीच्यांशी मला काय करायचं? मूर्तीखालचं मपलं नाव मला वळकू आलं म्हंजे झालं." मी नांदेडला कॉलेजात जायचं ठरलं तेव्हा मी मानववंशशास्त्र हा विषय घेतला तो काही शास्त्राच्या ओढीनं नाही. मूर्ती त्या विभागात आहे एवढंच मला माहीत होतं.

विभाग म्हणजे एक लांबट खोली. एका भिंतीला काचेची कपाटं, त्यांत कवट्या, आणि दुसऱ्या भिंतीवर ओळीनं पांढरे मुखवटे. सगळ्यांचे डोळे मिटलेले. मूर्ती म्हटल्यावर मी उभ्या बाईचा पुतळा मनात धरून गेले होते, त्यामुळे आधी मला काही कळेना. मग मुखवट्यांवरून नजर फिरवता फिरवता मी थबकले. हनुवटीवरचा व्रण, लहानपणी बैलाचं शिंग लागलेला. आणि दाबून धरलेले ओठ. राग आला की आत्या अशीच ओठ दाबायची. माझी जिवंत आत्या त्या भिंतीवर मेल्यासारखी लटकत होती. खाली पाटी होती. मी दोनदा वाचली, पाठीमागं काही आहे का म्हणून वाकून पाहिलं. नाव कुठंच नव्हतं. पाटीवर लिहिलं होतं, प्रोटो-ऑस्ट्रेलॉइड, आणि त्याखाली बारीक अक्षरात, नाक रुंद, ओठ जाड, कपाळ मागे कललेले.

या शब्दाचा अर्थ मी पुढं लातूरला पस्तीस वर्षं शिकवला, मेलेला शब्द म्हणून शिकवला, पण तेव्हा तो चांगलाच जिवंत होता. 'प्रोटो' म्हणजे आधीचा, आद्य. पुढचा शब्द ऑस्ट्रेलियाच्या मूळ रहिवाशांवरून. म्हणजे उदगीरच्या पलीकडं जग न पाहिलेली माझी आत्या ऑस्ट्रेलियाच्या माणसांच्याही आधीची, जुनी, मागं राहिलेली. शेजारच्या पाट्यांवर मेडिटेरेनियन होता, अल्पाइन होता, मंगोलॉइड होता, निग्रिटो होता. कुणी कुठल्या डोंगरावरून, कुणी कुठल्या समुद्रावरून नाव उचललं, माणसांच्या नाकाची रुंदी उंचीनं भागली, आणि जे उत्तर येईल त्या खणात माणूस टाकून दिला. पुढं शास्त्रालाच कळून चुकलं की माणसांचे असे खण नसतात. एकाच आईच्या दोन लेकरांची नाकं दोन खणांत जातात. गावागणिक माणूस इतका हळूहळू बदलतो की रेघ कुठं मारायची तेच कळत नाही. मग ते शब्द गुपचूप टाकून दिले गेले. ज्यांच्या कपाळी ते मारले होते त्यांच्याकडं येऊन कुणी सांगितलं नाही की बाबांनो, आमचं चुकलं.

सुट्टीत घरी गेले तेव्हा दारातच आत्यानं विचारलं, "पाहिलीस?"

"पाहिली."

"नाव हाय का खाली?"

तिच्या त्या दीड भुवईखालच्या डोळ्यांकडं बघून माझ्यानं खरं बोलवेना. म्हटलं, "हाय. मोठ्या अक्षरात."

"मंग ज्वारी काढून झाली की येते बघायला," ती म्हणाली आणि त्या रात्री तिनं माझ्यासाठी धपाटे केले. मी त्यांचे तुकडे करत बसले. आत्या येणार, त्या भिंतीसमोर उभी राहणार, आणि तिला ओळखू येणारी जगातली तेवढीच अक्षरं पाटीवर शोधणार. त्याआधी तिथं तिचं नाव लागायला हवं होतं, दुसरं काही मला सुचत नव्हतं.

मी नांदेडला परतले ती थेट सरांकडं गेले. आमच्या वस्तीत आलेला साहेब म्हणजे हेच सर. त्यांचं नाव मी इथं लिहिणार नाही, त्याचं कारण पुढं येईल. अख्खं कॉलेज त्यांना त्यांच्या मिशीवरून ओळखायचं. दाट, काळीभोर, टोकं वर वळवलेली, तेलानं चमकणारी. चालताना त्यांचा हात मिशीवर असायचा. दुसरा अभिमान नाकाचा. पहिल्या तासाला स्वतःच्या नाकाला पितळी मापाचा चिमटा लावून ते सांगायचे, "हे पाहा, सरळ, चिरेबंद. याला म्हणतात मेडिटेरेनियन."

मी म्हटलं, "सर, तो तिसरा मुखवटा माझ्या आत्याचा आहे. तुम्ही तिला नाव लिहितो म्हणाला होता."

त्यांनी माझ्याकडं नीट पाहिलं. राग नाही, लाज नाही, उलट खूश झाले. "असं? तू त्याच वस्तीतली? अगं, शास्त्रात नाव नसतं. प्रकार असतो."

दुसऱ्या दिवशी भर वर्गात त्यांनी मला उठवलं आणि आत्याच्या मुखवट्याखाली भिंतीला पाठ लावून उभं केलं. "जिवंत नमुना," म्हणाले. चिमटा माझ्या नाकाला लावला, आकडे मोठ्यानं वाचले, छडी एकदा आत्याच्या ओठांवर आणि एकदा माझ्या ओठांवर टेकवली. पोरं हसली. काही हसली नाहीत, त्यांची नावं मला अजून पाठ आहेत. हसणाऱ्यांचीही आहेत. त्या दिवसापासून मी कॉलेजात 'प्रोटो' झाले. सायकलवरून जाता जाता पोरं हाळी घालायची, ए प्रोटो! माझ्या वर्गातली, माझ्याच खोलीत राहणारी शाहेदा, अर्धापूरची, तिच्या अब्बांची केळीची बाग, हाडानं माझ्याहून बारीक पण जिभेनं तिखट. तिनं एकाच्या सायकलीची दोन्ही चाकं फोडली आणि मला म्हणाली, "रडून काय करून राहिलीस? मारायचं तर मुळावर मार, फांदीवर नको."

मुळावर कसं मारायचं ते मला सरांनीच शिकवलं. माझे हात बरे आहेत हे त्यांच्या लक्षात आलं होतं, म्हणून मुखवटे बनवायचं प्लास्टर कालवायचं काम ते मला द्यायचे. पाण्यात भुकटी किती, ढवळायचं किती, गुठळी कशी होऊ द्यायची नाही. मी उखळाशेजारी वाढलेली, मला ते लगेच जमलं. एका शनिवारी आम्ही वर्गातल्याच एका मुलाच्या चेहऱ्याचा साचा घेत होतो. सर म्हणाले, "भुवयांना व्हॅसलीन दोनदा लाव. केस अडकले तर उपटून येतात."

माझा हात थांबला. म्हटलं, "सर, हे आधीपासून माहीत होतं?"

"म्हणजे काय! पहिला नियमच तो."

"मग गावात जायचात तेव्हा?"

"गावात कुठलं पुरणार व्हॅसलीन? पाणी लावूनच भागवायचो," ते मिशीला पीळ देत म्हणाले. "त्यांना चालतं."

मी त्या मुलाच्या भुवयांना दोनदा व्हॅसलीन लावलं. तोवर मला वाटायचं, नवख्या माणसाच्या हातून चूक झाली असेल. त्या दोन शब्दांनी ती फट बुजली. माणसं म्हणतात, राग माणसाला आंधळा करतो. मला तर त्या दिवशी सगळं स्वच्छ दिसायला लागलं.

त्या वर्षअखेरीस सर निवृत्त होणार होते. निरोप समारंभात शाल-श्रीफळ मिळतंच, पण त्यांच्या मनात आलं की विभागात आपला अर्धपुतळा असावा. त्यासाठी आधी चेहऱ्याचा साचा हवा, आणि साच्याला सगळ्यात चांगला हात माझा. म्हणाले, "वर्गापुढंच घे. पोरं शिकतील." मला तर ताटात वाढून मिळालं. सर टेबलावर उताणे निजले, अंगावर पांढरी चादर, नाकात कागदाच्या नळ्या. मी त्यांच्या कपाळाला, गालांना, हनुवटीला व्हॅसलीन चोळलं. भुवयांना दोनदा लावलं. मिशीपाशी आले, वाटीतल्या पाण्यात बोटं बुडवली आणि मिशी ओली करून नीट विंचरून घेतली. शेजारी शाहेदा भांडं धरून उभी होती. तिनं पाहिलं आणि वाटी माझ्या आणखी जवळ सरकवली.

प्लास्टर तापायला लागलं तसे सरांचे पाय हलू लागले. मला आत्याची आठवण झाली, बाजेवरची. मी पूर्ण सुकू दिलं, जराही घाई केली नाही. मग दोन्ही हातांनी साचा धरला आणि उपटला. आवाज आला तो नवं लुगडं फाडल्यासारखा. त्यानंतर सरांचा आवाज आला, तो मात्र मी कशाशीच ताडून पाहू शकत नाही, तसा आवाज मी मोठ्या माणसाच्या तोंडून पुन्हा ऐकला नाही. उजवी मिशी साच्यात गेली होती. डावी जागेवर होती, टोक वर वळवलेली. कुणीतरी फस्सकन हसलं आणि मग सगळा वर्ग फुटला.

"व्हॅसलीन लावलं नव्हतंस?" सर ओरडले. डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"पुरलं नाही, सर. पाणी लावून भागवलं."

मी त्यांच्या तोंडाकडं बघत राहिले. आता आठवेल, आता उमगेल. पण त्यांना काही आठवलं नाही. त्यांच्या लेखी ती गोष्टच नव्हती, आठवणार काय? ते एवढंच म्हणाले, "शेवटी तू त्याच नमुन्यातली. नमुन्याकडून दुसरं काय होणार? फेकून दे तो साचा!" आणि ओठावर रुमाल धरून गेले. राहिलेली मिशी न्हाव्यानं उतरवली. निरोप समारंभाला ते बोडक्या ओठानं बसले होते आणि पाहुणे त्यांच्या भारदस्त व्यक्तिमत्त्वाबद्दल बोलत होते. मागच्या रांगेतून खुसखुस चालू होती. मला त्या दिवशी पोटभर जेवण गेलं. पण झोपताना जाणवलं की भूक शमलेली नाही. मिशी उगवेल. आत्याची भुवई उगवली नव्हती, आणि पाटी तर तशीच होती, ज्वारीची काढणी उरकून आत्या कधीही येऊन ती बघणार होती.

साचा मी फेकला नव्हता. समारंभानंतर विभागात नवे सर रुजू व्हायचे होते, तोवर साफसफाईची किल्ली आमच्याकडं असायची. एका दुपारी मी आणि शाहेदानं साच्याला साबणाचं पाणी लावलं आणि त्यात प्लास्टर ओतलं. निघालेल्या मुखवट्याच्या ओठावर मिशीचा खडबडीत ढीग होता, तो मी सुरीनं तासून गुळगुळीत केला. मग दोघी मागं सरून बघत राहिलो. मिटलेले डोळे, बोडका ओठ. ज्या माणसाला अख्खं कॉलेज मिशीवरून ओळखायचं, तो आता कुणीच नव्हता. मी आत्याला भिंतीवरून उतरवलं आणि त्याच खिळ्यावर सरांना टांगलं. पाटीला हात लावला नाही.

शाहेदा म्हणाली, "याचं नाक तर बघ. सुईवानी सरळ. पाटी वाचली की कुणीबी पकडंल."

मी म्हटलं, "बघू या."

आत्याला जुन्या लुगड्यात गुंडाळून मी एसटीनं घरी आणलं. मांडीवर धरून, सगळी वाट. आत्यानं मुखवट्यावरचं लुगडं सोडलं. मग बोट लावून म्हणाली, "मेल्यावानी दिसून राहिलेय मी." पुन्हा बोट फिरवलं आणि एकदम थांबली. "कुसुम, हिच्या भिवया बग. दोन्ही हायेत!" खरंच होत्या. साचा चेहऱ्यावर सुकला तेव्हा तिच्या दोन्ही भुवया जागेवर होत्या, गेली ती उपटताना. केसन् केस प्लास्टरवर उमटला होता. आत्यानं पदर तोंडाला लावला. ती रडताना मी तिला फार वेळा पाहिलं नाही. मग मी सगळं सांगितलं, नाव नव्हतं हेही. खोटं बोलले म्हणून ती रागावली नाही. तिनं खिळा आणला, मुखवटा उलटा करून मांडीवर घेतला, आणि मग मन बदलून तो सुलटा केला. हनुवटीच्या खाली, दर्शनी बाजूला, तिनं कोरलं: ठकूबाई. अक्षरं वाकडी आली, पण खोल आली.

पुढच्या वर्षी नवे सर त्याच छडीनं तोच मुखवटा दाखवून शिकवायचे. "नाक पाहा, कसं रुंद. कपाळ पाहा, कसं मागं गेलेलं." मुलं माना डोलवायची आणि वह्यांत उतरवून घ्यायची. ज्यांनी वर्षभर सरांच्या सरळ नाकाचं कौतुक ऐकलं होतं, त्याच मुलांना त्याच नाकात आता रुंदी दिसत होती. मी आणि शाहेदा एकमेकींकडं बघायचं टाळायचो. सगळ्या शास्त्राचा पाया म्हणजे ती पाटी होती, हे मी पुस्तकातून शिकले नाही, त्या बाकावर बसून शिकले.

आणि मग अखेरच्या प्रात्यक्षिक परीक्षेला बाहेरचे परीक्षक म्हणून आले आमचेच निवृत्त सर. मिशी पूर्ववत, टोकं वर. माझा नंबर आला तेव्हा त्यांनी मला ओळखलं, डोळे बारीक केले, आणि छडी उचलून सरळ तिसऱ्या मुखवट्यावर ठेवली. पाटी कागदानं झाकलेली होती.

"ओळख. कोणता प्रकार?"

त्यांना हवं ते उत्तर देऊन मी पार पडू शकले असते. पण मला त्यांना एक संधी द्यायची होती, कड्याच्या टोकावर उभ्या माणसाला देतात तशी. मी म्हटलं, "सर, पाटीवर काहीही असो, मला हा प्रोटो-ऑस्ट्रेलॉइड वाटत नाही. नाक सरळ आहे."

"सरळ?" सर कडाडले. कागद ओढून काढला. "हे नाक सरळ? डोळे फुटलेत का तुझे? पाहा, किती रुंद! ओठ पाहा, जाड. कपाळ पाहा." छडी त्यांच्याच कपाळावर टकटक वाजत होती. "मी स्वतः निवडून आणलेला नमुना आहे हा. इतका शुद्ध नमुना अख्ख्या मराठवाड्यात दुसरा मिळणार नाही."

"नक्की, सर?"

"शंभर टक्के!"

माणूस आपलं तोंड आरशात पाहतो ते डोळे उघडे ठेवून. मिटल्या डोळ्यांचा आपला चेहरा कुणीच पाहिलेला नसतो, आणि त्यांनी तर वर्षानुवर्षं चेहऱ्याऐवजी मिशीच पाहिली होती. ते मुखवट्यापासून हातभर अंतरावर उभे होते, नाकासमोर नाक. शाहेदा ओढणी तोंडात कोंबून बाहेर पळाली. माझ्या जिभेच्या टोकावर वाक्य आलं होतं. वर्ग भरलेला, नवे सर हजर, शिपाई दारात. एका वाक्यात त्यांची नव्यानं उगवलेली मिशीही उतरली असती. मी ते वाक्य गिळलं. का, ते तेव्हा नीट कळलं नाही. त्यांनी मला जेमतेम पास केलं आणि शेरा मारला की विद्यार्थिनीला नमुना ओळखता येत नाही.

घरी जाऊन आत्याला सांगितलं तेव्हा ती उखळापाशी होती. हसता हसता तिच्या हातचं मुसळ पडलं. डोळे पुसत म्हणाली, "सोताच्या कपाळावर छडी? आन तू त्याला सांगितलंस का मग, की बाबा हे तूच हायस?"

"न्हाई."

"बेस केलंस," आत्या म्हणाली आणि मुसळ उचललं. "सांगितलं असतंस तर त्यानं पाटी बदलली असती."

आत्या गेली, सरही गेले, शाहेदा नातवंडांत रमली आहे आणि फोनवर अजून मला प्रोटो म्हणते. तिच्या तोंडी मला तो शब्द चालतो, दुसऱ्या कुणाच्या नाही. मी लातूरला घर बांधलं. आत्याचा मुखवटा बैठकीत आहे. तिनं तो आयुष्यभर चुलीवरच्या भिंतीला टांगला होता, बुद्धाच्या तसबिरीशेजारी लावू दिला नाही, म्हणून धुरानं काळा झाला आहे, अगदी तिच्या रंगाचा. लोक म्हणतात, म्हातारपणी मन मोठं करावं, जुनं सोडून द्यावं. मी पुष्कळ सोडलं. हे सोडलेलं नाही, आणि लिहितेय तेही पश्चात्ताप म्हणून लिहीत नाही.

परवा सकाळी नांदेडहून एका तरुण प्राध्यापिकेचा फोन आला. गोड आवाज, कामाची तळमळ. "मॅडम, आपल्या विभागातल्या त्या जुन्या पाट्या आम्ही काढतोय. ते शब्द आता कुणी वापरत नाही, वापरूही नयेत. त्याऐवजी प्रत्येक मुखवट्याखाली त्या माणसाचं नाव आणि गाव लिहायचं ठरवलंय. शेवटी ती माणसं होती ना! तुम्ही त्या काळच्या विद्यार्थिनी, कुणी ओळखू आलं तर सांगाल का?"

मला भरून आलं. या एका गोष्टीसाठी मी कधीकाळी कुणाच्या तरी दारात उभी राहिले होते. मी म्हटलं, पाठवा फोटो. ते एकेक करून मोबाइलवर आले. दोघांची नावं मला ठाऊक होती, ती मी गावासकट सांगितली, तिनं आनंदानं लिहून घेतली.

"आणि हा तिसरा, मॅडम? याला तर सगळ्या बॅचेस नमुना म्हणून शिकल्यात. बिचारा कोण होता कुणास ठाऊक."

मी चष्मा पुसून फोटो मोठा केला. सरळ, चिरेबंद नाक. बोडका ओठ. ओठावर माझ्या सुरीचे तासल्याचे ओरखडे अजून दिसत होते. सरांची मुलं, नातवंडं नांदेडातच कुठंतरी असतील. एक नाव सांगितलं की पाटी बदलणार होती.

"नाही ओळखत," मी म्हटलं.

"गाव तरी?"

"तेही नाही माहीत."

"मग खाली काय लिहू, मॅडम?"

"अनोळखी, असं लिहा."

तिनं आभार मानून फोन ठेवला. समोर भिंतीवर आत्या होती, दोन्ही भुवयांसकट, नावासकट. बोलण्याच्या नादात चहा निवून गेला होता. तो मी तसाच, घोट घोट करून, चवीनं प्यायले.